बोहाडा स्टेजवर आणायचा का? भंडारदऱ्याच्या पाण्याकाठच्या एका गावाच्या काजवा आणि लोककला महोत्सवाचं प्रकरण

हे गाव माझं आजोळ आहे, त्यामुळे नियोजनात मी पहिल्या मीटिंगपासून होते. गावाचं नाव, माणसांची नावं, बुकिंग करणाऱ्या कंपनीचं नाव, वर्ष, यातलं काहीच इथे देत नाही, बाकी जे झालं ते तसंच लिहिते. आजूबाजूच्या बऱ्याच गावांत आता मे-जूनमध्ये असले कार्यक्रम व्हायला लागलेत आणि सगळीकडे तेच चारपाच प्रश्न येतात, म्हणून एकदा नीट लिहून ठेवावं असं वाटलं.

पार्श्वभूमी

भंडारदरा बहुतेकांना पावसाळ्यातलं माहीत असतं. प्रवरेवरचं हे विल्सन धरण १९१० ला बांधायला घेतलं, १९२६ ला पूर्ण झालं, मागे पसरलेलं पाणी म्हणजे आर्थर लेक, साठा ११ टीएमसीच्या आसपास. १५ ऑगस्टपर्यंत धरण भरतं असं इकडे सगळे धरूनच चालतात. पण मे महिन्यात पाणी खूप मागे सरकलेलं असतं, काठाची गाळाची जमीन उघडी पडते, भेगा पडलेली, सपाट, समोर रतनगड आणि पाठीमागे कळसूबाईची रांग. फोटोत ही जागा इतकी सुंदर दिसते की तंबू लावायला येणारा प्रत्येकजण पहिलं बोट तिकडेच दाखवतो. हे लक्षात ठेवा, पुढे याच जागेवरून सगळ्यात मोठा वाद झाला.

मेच्या शेवटच्या आठवड्यापासून जूनच्या मध्यापर्यंत इथे काजवे असतात. हिरडा, बेहडा, सादडा, जांभूळ, उंबर अशी झाडंच्या झाडं लुकलुकतात. पुण्या-मुंबई-नाशिकहून गाड्यांची रांग लागते. हा सगळा भाग कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात येतो, १९८६ पासून, म्हणजे वनविभागाची नोंदणी, प्रवेश फी, वेळेचं बंधन हे सगळं आहेच. आणि अकोले तालुक्याचा हा पट्टा अनुसूचित क्षेत्र आहे, आदिवासी भागातल्या ग्रामसभांना जास्तीचे अधिकार देणारा पेसा कायदा लागू आहे, हे गावातल्या तरुणांना माहीत होतं पण त्याचा असल्या कामात उपयोग होतो हे तेव्हा कुणाच्या डोक्यात नव्हतं, माझ्याही नाही.

वस्ती महादेव कोळी आणि ठाकर समाजाची. चार महिने भात, नागली, वरई, मग नारायणगाव-ओतूरकडे मजुरीला. मे महिन्यात गावात पैसा नसतो, माणसं मात्र परत आलेली असतात. म्हणून उन्हाळ्यात चार दिवस का होईना घरबसल्या काम मिळत असेल तर कुणाला नको असतं.

अडचण कुठून सुरू झाली

फेब्रुवारीत एक बुकिंगवाली कंपनी गावच्या तरुण मंडळाकडे आली. त्यांचा प्रस्ताव असा, तीन दिवसांचा महोत्सव, पाण्याकाठी १२० तंबू, बोटिंग, रात्री काजवे, आणि संध्याकाळी स्टेजवर "आदिवासी लोककला", त्यात मुख्य आकर्षण बोहाडा. मंडळाची पोरं खूश झाली, त्यांनी जवळजवळ हो म्हणूनच टाकलं होतं.

ज्यांना बोहाडा माहीत नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. होळीनंतर ते पावसाच्या तोंडापर्यंत आमच्याकडे, तिकडे मोखाडा-जव्हारला, गावोगाव वेगवेगळ्या तिथीला हा उत्सव होतो. देवादिकांचे आणि राक्षसांचे मोठे मुखवटे घालून, टेंभ्यांच्या उजेडात, संबळाच्या तालावर रात्रभर एकेक सोंग येतं. गणपती येतो, सरस्वती येते, रावण येतो, आणि शेवटी जगदंबा. कुठलं सोंग कुणी घ्यायचं हे घराण्यावर ठरलेलं असतं, त्याला मान म्हणतात, आणि ज्याच्याकडे मान आहे तो नोकरीसाठी कुठेही असला तरी त्या रात्री हजर होतो. आमच्या गावात बोहाडा चैत्रात होतो आणि जगदंबेची मिरवणूक झाली की मुखवटे पेटीत जातात, पुढच्या वर्षीपर्यंत ती पेटी उघडत नाहीत.

म्हणजे जूनमध्ये स्टेजवर बोहाडा करायचा तर पेटी उघडावी लागणार. गावातले संबळवाले मामा (नात्याने लांबचे, पण आजोळी सगळे मामाच) मीटिंगला मागे बसले होते, ते एवढंच म्हणाले, "जगदंबा गेल्यावर परत बोलवायची तर ती कशासाठी बोलवली ते तिला सांगावं लागंल. कोण सांगणार?" कुणी काही बोललं नाही.

दुसरी अडचण पैशाची. कंपनीने कलाकारांना "एका पथकाला तीन हजार" असं लिहिलं होतं. कांबड नाचाचं पथक चौदा जणांचं. भागिले करून बघा. त्याच कागदावर लाइटवाल्याचा आणि साउंडवाल्याचा आकडा याच्या कितीतरी पट होता.

काय काय पर्याय होते

पहिला, कंपनी म्हणते तसं करायचं. मंडळातल्या निम्म्या पोरांचं हेच म्हणणं, आणि ते चुकीच्या हेतूने नव्हतं, एक जण मला म्हणाला, ताई आपण नाही केलं तर शेजारचं गाव करेल आणि ते मुखवटे भाड्याने आणून करतील, मग काय राहिलं? हा मुद्दा खोडता येत नव्हता, अजूनही येत नाही.

दुसरा, सरळ नाही म्हणायचं. पोलीस पाटलांचा कल इकडे होता. पण नाही म्हटलं तरी गाड्या येणारच होत्या, काजवे काही गावाला विचारून लुकलुकत नाहीत, मग गर्दी आणि कचरा गावाच्या वाट्याला आणि कमाई रस्त्यावरच्या टपऱ्यांना.

तिसरा, स्वतःच छोटं करायचं, कंपनी नकोच. पण बुकिंग, अॅडव्हान्स, कॅन्सलेशन हे सांभाळायला गावात रेंजच नाही. अख्ख्या गावात मोबाईल नीट लागतो तो वरच्या रस्त्याच्या एका वळणावर.

शेवटी विषय ग्रामसभेत नेला. पेसा कायद्यात ग्रामसभेला आपल्या रूढी-परंपरा, सांस्कृतिक ओळख आणि सामूहिक संसाधनं जपायचा अधिकार स्पष्ट दिलेला आहे, तालुक्याच्या एका वकिलाने ते कलम वाचून दाखवलं आणि मीटिंगचा सूरच बदलला. तोवर सगळे "कंपनी काय म्हणते" यावर बोलत होते, त्यानंतर "आपण काय चालवून घेणार" यावर बोलायला लागले. माझ्या मते या सगळ्या प्रकरणातली सगळ्यात महत्त्वाची संध्याकाळ तीच.

काय ठरलं

कंपनीने फक्त बुकिंग करायचं, रात्रीला जास्तीत जास्त १२० माणसं. निम्मी गावात घरोघरी, उरलेल्यांसाठी ४० तंबू.

मुखवट्यांची पेटी उघडायची नाही. त्याऐवजी संबळवादन, कांबड नाच, आणि म्हाताऱ्या बायांच्या जात्यावरच्या ओव्या. मुलांसाठी कागदाच्या लगद्याचे वाघ-अस्वलांचे मुखवटे करायचा वर्ग, देवाचा एकही नाही. आणि ज्याला खरंच बोहाडा बघायचाय त्याने पुढच्या चैत्रात गावचा पाहुणा म्हणून यावं, तिकीट नाही. कंपनीला हे अजिबात पटलं नव्हतं, त्यांनी जाहिरात आधीच तयार केली होती, ती बदलायला लावली.

कलाकारांना पथकावर नाही, माणशी पैसे. एका संध्याकाळचे हजार रुपये आणि जेवण, आणि पैसे कार्यक्रमाच्या आधी हातात.

तंबूंच्या जागेवरून तीन मीटिंगा गेल्या. कंपनीला गाळाची जमीनच हवी होती कारण व्ह्यू. मच्छी धरणाऱ्या दोघा-तिघांनी समजावलं, त्या गाळात खुंटी धरत नाही, वरून भुसभुशीत खालून ओलं, आणि वळवाचा वारा पाण्यावरून येतो तेव्हा त्याला मध्ये अडवायला काहीच नसतं. शिवाय विजा. सपाट मोकळ्या जागेत उभं असलेलं माणूसच सगळ्यात उंच. मग तंबू वर माळावर, शाळा आणि देवळापासून चालत पाच मिनिटांवर. तिथून पाणी अर्धंच दिसतं. कंपनीने त्याबद्दल तंबूचा दर कमी करावा लागेल म्हटलं, गावाने मान्य केलं.

काजव्यांसाठी गाड्या गावाबाहेर एक किलोमीटरवर थांबवायच्या, टॉर्चला लाल जिलेटिन कागद, पायवाट सोडून झाडाखाली जायचं नाही. हा नियम नुसता शिस्तीचा नाही. काजव्याचं प्रौढ आयुष्य दोन-तीन आठवड्यांचं, त्याआधी बराच काळ तो अळी म्हणून जमिनीत, पालापाचोळ्यात गोगलगाई खात जगतो. नर-मादी एकमेकांना शोधतात ते उजेडावरून. आपण हेडलाइट मारला की त्यांचं बोलणंच बंद होतं, आणि झाडाखाली फोटोसाठी शंभर माणसं नाचली की पुढच्या वर्षीचे काजवे आत्ताच पायाखाली जातात.

बोट सूर्यास्तानंतर बंद, जॅकेटशिवाय नाही, पोहणं अजिबात नाही. स्पीकर रात्री १० ला बंद, तो तर कायदाच आहे. आणि एक जण कायम त्या रेंजच्या वळणावर, फोनमध्ये दामिनी अॅप चालू ठेवून. हे पुण्याच्या आयआयटीएम या हवामान संशोधन संस्थेने केलेलं विजेचा इशारा देणारं अॅप. इशारा आला की तो स्कूटरवर खाली येणार, देवळाची घंटा सलग वाजवणार, घंटा ऐकली की सगळ्यांनी शाळेत. ही घंटेची कल्पना अंगणवाडीच्या ताईंची, आणि तिनेच पुढे माणसं वाचवली असं मी म्हणेन.

प्रत्यक्षात काय झालं

शुक्रवार छान गेला. शनिवारी दुपारपासून उकडायला लागलं, झाडाचं पान हलत नव्हतं. साडेचारच्या सुमाराला रतनगडाच्या बाजूने आभाळ काळं झालं. वळणावरचा पोरगा आला, घंटा सुरू झाली. वीसेक मिनिटांत शंभरावर माणसं शाळेच्या दोन खोल्यांत आणि देवळाच्या सभामंडपात कोंबली. मग जे वारं सुटलं. आमच्या ४० पैकी नऊ तंबू आडवे झाले, स्टेजचं कापड फाटून वडावर अडकलं. खाली गाळावर दुसऱ्या एका आयोजकाचे तंबू होते, त्यातले कितीतरी उडून पाण्यात गेले, माणसं आधीच वर पळत आली होती म्हणून निभावलं, तीही आमच्याच शाळेत घेतली.

डोकी मोजायला घेतली तेव्हा कळलं की आपल्याकडे यादीच नाही. कंपनीकडे बुकिंगची यादी होती पण ती त्यांच्या ऑफिसच्या कॉम्प्युटरवर, आणि आत्ता कोण कुठे फिरायला गेलंय हे तर कुणीच लिहून ठेवलं नव्हतं. एक बाई सांगायला लागली की तिच्या शेजारच्या तंबूतलं जोडपं पाण्याकडे गेलं होतं, चार वाजता.

मंडळातली दोन पोरं लगेच निघाली खाली. चांगली पोरं, पोहणारी. दारात पोलीस पाटील आडवे झाले. "एक वीज पडली तर दोनाचे चार होतील, आर्धा तास थांबायचं." पोरं चिडली, एकाने तर हात झटकला. मी स्वतः त्या क्षणी पोरांच्या बाजूची होते हे कबूल करते, ती दोघं कुठेतरी गाळात रुतली असतील असंच डोळ्यासमोर येत होतं. पाटील हलले नाहीत. गडगडाट लांब गेल्यावर मग सहा जण दोर घेऊन गेले. जोडपं सापडलं एका गोठ्यात, डांगी गाई बांधलेल्या होत्या, मालकाने त्यांना आत ओढून घेऊन चहा पाजला होता. सुरुवातीपासून ती दोघं सुरक्षित होती. पोरं तेव्हा गेली असती तर जीव धोक्यात घालून रिकाम्या काठावर शोधत बसली असती.

वीज गेलेली, स्टेज नाही, साउंड नाही. कंपनीचा माणूस म्हणाला आजचा कार्यक्रम रद्द जाहीर करू. संबळवाले मामा म्हणाले कशाला, आणि सभामंडपातच सुरू झाले. दगडी भिंतींच्या आत संबळ कसा घुमतो ते लिहून सांगता येणार नाही, लहान पोरं कान झाकून हसत होती. कांबड नाचाला जागा नव्हती, तो चौकात चिखलात झाला, टेंभे लावून. मग ओव्या. दोन आज्ज्या पुढे आल्या, एकीने सुरुवात केली आणि लगेच वीसपंचवीस मोबाईल वर झाले, फ्लॅशसकट. आज्जी थांबली. पदर तोंडावर घेतला आणि बसून राहिली. तिला विचारलं तर म्हणाली, "ह्या माझ्या सासरच्या दुःखाच्या हायेत पोरी, ह्या कुठं कुठं जातील?"

याचं उत्तर आम्ही आधी ठरवलेलंच नव्हतं. मुखवट्यांचा इतका विचार केला आणि बायांच्या गाण्यांचा कुणी केलाच नाही, ती नुसती गाणीच ना असं सगळ्यांनी धरलं होतं, मीसुद्धा, बाई असून. मग अंगणवाडीच्या ताईंनी भाताची टोपली फिरवली, सगळ्यांनी फोन त्यात ठेवले, दोघे-तिघे कुरकुरले पण ठेवले. आज्जी तासभर गायल्या.

त्या रात्री काजवे दिसले नाहीत, वारं आणि ओल फार होती. काही लोक नाराज होऊन सकाळी निघून गेले. जे राहिले त्यांना रविवारी रात्री हिरड्याचं एक झाड असं दिसलं की कुणी बोलेना.

निकाल

कुणाला इजा नाही. कलाकारांना शनिवारचेही पूर्ण पैसे मिळाले कारण ते आधीच हातात दिले होते. घरोघरी ठेवलेल्या पाहुण्यांचे पैसे थेट घरात गेले.

सगळ्यात मोठा फटका बचत गटाला. बायांनी तीन दिवसांचं सामान भरलं होतं, तांदूळ, नागलीचं पीठ, हुलगे, तेल, सगळं किराणा दुकानातून उधार. रविवारी निम्मी माणसं गेल्याने जेवणं वाया गेली, वर शनिवारी शाळेत आलेल्या परक्या तंबूवाल्यांना गावाने फुकट जेवू घातलं, ते घालायलाच हवं होतं, पण तेही बायांच्याच सामानातून. कंपनीने गेलेल्या लोकांना रिफंड दिला आणि तो जेवणाच्या हिशोबातून कापला. करारात "रिफंड कुणाच्या खिशातून" ही ओळच नव्हती. दोन महिने गेले पैसे निघायला, तेही पूर्ण नाहीत, उरलेले मंडळाने वर्गणीतून भरले. ज्या बाया तीन दिवस चुलीपुढे होत्या त्यांनाच दुकानदारापुढे मान खाली घालावी लागली, हे मला अजून सलतं.

वेगळं काय करता आलं असतं

करार करताना आम्ही कलाकारांचे पैसे आधी मागितले आणि स्वयंपाकाचे नंतर, असं का केलं? कारण कला हा "विषय" होता आणि जेवण हे काम. निम्मी रक्कम सामान भरायच्या आधी, आणि पाहुणा मधूनच गेला तरी त्याचं जेवण धरलेलं, एवढ्या दोन ओळी लिहिल्या असत्या तर पुरत होतं.

शाळेच्या दारात एक वही आणि पेन. कोण कुठे चाललंय, कधी येणार. याला खर्च काय आहे? घंटेची एकदा शुक्रवारी तालीम घेतली असती तर शनिवारी खोलीच्या दारात जी रेटारेटी झाली तीही टळली असती, एका मुलाचा पाय मुरगळता मुरगळता राहिला.

रेकॉर्डिंगचं कलाकारालाच विचारायला हवं होतं, प्रत्येकाला वेगळं. कांबड नाचवाल्यांना व्हिडिओ हवेच होते, त्यांना त्यातून पुढची बोलावणी येतात. आज्जींना नको होते. एकच नियम सगळ्यांना लावला असता तरी चुकलंच असतं.

तारखेबद्दल गावात अजून दोन मतं आहेत. काही म्हणतात जूनच्या पहिल्या आठवड्याऐवजी मेच्या शेवटी घ्या, वळीव तेव्हाही येतो पण पेरणीपूर्व कामं आडवी येत नाहीत. मला स्वतःला वाटतं तारखेपेक्षा माणसांचा आकडा कमी करावा, १२० सुद्धा त्या दोन खोल्यांच्या शाळेला जास्त झाले. जेवढी माणसं पक्क्या छपराखाली मावतात तेवढीच बोलवायची, तंबू कितीही असोत.

आणि बोहाड्याचं. त्या तीन दिवसांत आलेल्यांपैकी अकरा जण पुढच्या चैत्रात खरंच आले, पोलीस पाटलांच्या वहीत नावं लिहून, जमिनीवर बसून रात्रभर जागले. पहाटे जगदंबा आली तेव्हा मामांनी त्यांना उठून उभं राहायला लावलं. शेजारच्या गावाने मात्र त्याच जूनमध्ये स्टेजवर मुखवटे नाचवले, पोरगा म्हणाला होता तसंच, आणि त्यांची गर्दी आमच्यापेक्षा जास्त होती. मंडळातली काही पोरं त्याबद्दल अजून नाराज आहेत आणि पुढच्या ग्रामसभेत ती परत विषय काढणार आहेत. बचत गटाने त्याआधीच आपला कागद दिलाय, निम्मे पैसे आधी, नाहीतर चूल पेटणार नाही. कंपनीने त्यावर अजून सही केलेली नाही.